आवकरावांनी न ऐकलेला सिनेमा

आवकराव सिनेमा आवाज बंद करून पाहतात, ही गोष्ट घराबाहेर कुणालाही माहीत नव्हती. घरात बायकोला माहीत होती, पण तिनं ती लग्नाच्या पहिल्याच वर्षी मान्य करून टाकली होती. काहींचे नवरे घोरतात, काहींचे पत्ते कुटतात, आपला आवाज बंद करतो, एवढंच तिचं म्हणणं. भीती माणसाच्या डोळ्यांतून आत शिरत नाही, कानांतून शिरते, हा आवकरावांचा सिद्धांत होता आणि तो त्यांनी बावन्न वर्षं स्वतःवर तपासून पाहिला होता. पडद्यावर एखादं दार हळूहळू उघडत असेल तर ते नुसतं दार असतं. त्याच दाराला कर्रर्र असा आवाज जोडला की आवकरावांचे पाय आपोआप जमिनीवरून उचलले जाऊन खुर्चीवर येत.

तसे ते बऱ्याच गोष्टींना भीत. लिफ्टला भीत, अनोळखी नंबरच्या फोनला भीत, रबरी पट्टा लावून रक्तदाब मोजणाऱ्या नर्सला भीत, आणि "जरा आत या" असं म्हणणाऱ्या साहेबांना तर फारच भीत. पाणीपुरवठा खात्याच्या तक्रार खिडकीत आवक-जावक रजिस्टर सांभाळून त्यांना सव्वीस वर्षं झाली होती. आईबापांनी ठेवलेलं नाव त्या रजिस्टरखाली केव्हाच चेंगरून गेलं आणि ते सगळ्यांचे आवकराव झाले.

असा माणूस सिनेमाचा समीक्षक झाला तो मेहुण्यामुळे. बायकोच्या या धाकट्या भावाचं एक साप्ताहिक होतं. त्यात सिनेमाचं सदर लिहिणारे गृहस्थ धुक्यावरचा तीन तासांचा सिनेमा अर्ध्यावर सोडून जे बाहेर पडले ते परत आलेच नाहीत.

"भावोजी, तुम्हीच लिहा," मेहुणा म्हणाला. "लोक चार-चार पानं तक्रारी लिहितात, काय म्हणायचंय ते त्यांचं त्यांनाही कळलेलं नसतं, आणि तुम्ही दोन ओळींत सारांश काढता. हे सिनेमे तसेच असतात. स्वप्नासारखे. 'तरल' हा शब्द तेवढा दोनदा आला पाहिजे, आणि गोष्ट सांगून टाकायची नाही."

"आणि गोष्ट नसलीच तर?"

"मग काय, काम सोपंच झालं."

आणि खरोखरच सोपं झालं. पेनड्राइव्हवर सिनेमा यायचा. आवकराव सुट्टीच्या दिवशी भर दुपारी, पडदे उघडे ठेवून, सगळे दिवे लावून आणि आवाज पूर्ण बंद करून तो पाहायचे. या जातीच्या सिनेमांत माणसं मुळात बोलतात कमी; जे बोलतात ते खाली अक्षरांत उमटतं. सहा आठवड्यांत सहा सिनेमे पार पडले. सदराच्या कोपऱ्यात आवकरावांचा पासपोर्टचा फोटो छापून यायला लागला. तळमजल्यावरचा दातांचा डॉक्टर त्यांना "या, समीक्षक!" म्हणू लागला. साहेबांनी एकदा "जरा आत या" म्हणून बोलावलं आणि चक्क विचारलं, की तो उलटा चालणाऱ्या माणसाचा सिनेमा घरच्यांबरोबर पाहण्यासारखा आहे का? आवकराव बाहेर आले तेव्हा त्यांची मान जरा ताठ झालेली शिपायानंही पाहिली. ज्याला जन्मभर सगळे भित्रा म्हणाले त्याला कुणीतरी जाणकार म्हणतं, याची गोडी लागायला सहा आठवडे पुष्कळ होतात.

सातव्या आठवड्यात 'ओलीचा नकाशा' आला.

आवाज बंद करायला हात जायच्या आतच तो सुरू झाला, एका बंद दारानं. पडदा काळा, आणि त्या काळ्यातून एक लांबलचक कर्रर्र. आवकरावांनी रिमोटवर इतक्या जोरात बोट दाबलं की बटण आत रुतून बसलं. त्यापुढची ऐंशी मिनिटं एक म्हातारी बाई एका घरात फिरत होती. दिसायची फक्त पाठमोरी. कधी जिन्यात उभी, कधी बादलीपाशी बसलेली, कधी खिडकीत. भिंतीवर ओलीचा एक डाग होता, तो सावकाश मोठा होत गेला आणि नऊ मिनिटं कॅमेरा त्याच्यासमोरून हललाच नाही. आवकराव खात्याचे माणूस, त्यांना दुसऱ्याच मिनिटाला कळलं की भिंतीतली पाइपलाइन फुटलेली आहे. पण रिकाम्या घरात पाठमोरी फिरणारी ती बाई पाहून त्यांना दिवे लावलेल्या खोलीत घाम फुटला. खाली अक्षरं नव्हती, कुणाचे ओठ हलताना दिसले नाहीत. त्यांनी लिहून टाकलं: 'पहिल्यापासून शेवटपर्यंत एकही शब्द न उच्चारणारा हा तरल सिनेमा दिग्दर्शिकेच्या धैर्याची साक्ष देतो. इथे बोलणं आलं असतं तर सगळं संपलं असतं. या घरात मौनच राहतं.'

लिहिलेलं त्यांना स्वतःलाच इतकं आवडलं की त्यांनी ते बायकोला दोनदा वाचून दाखवलं.

बुधवारी अंक निघाला आणि त्याच दिवशी संध्याकाळी अनोळखी नंबरवरून फोन आला. बायकोनं तो उचलून त्यांच्या कानाला लावला.

"सर, मी 'ओलीचा नकाशा'ची दिग्दर्शिका बोलतेय," आवाज तरुण आणि थोडा कापरा होता. "तुमच्याकडे आलेल्या प्रतीत आवाज गेलाच नव्हता बहुतेक. कॉपी करताना काहीतरी चुकलं असेल."

खरं सांगायची हीच वेळ होती आणि सांगायला एकच वाक्य लागलं असतं.

"पण सर, बरं झालं!" ती पुढे म्हणाली. "सगळे मला म्हणायचे, बोलणं जास्त होतंय. मी ऐकत नव्हते. तुमचं वाचल्यावर मी आज दिवसभर सिनेमा मुका करून पाहिला. तुमचं बरोबर आहे सर. रविवारी महोत्सवात मी तो आवाजाशिवायच दाखवणार आहे. सगळं काढून टाकतेय. तुम्ही माझा सिनेमा वाचवलात."

"हं," आवकराव म्हणाले. या एका अक्षरासाठी पुढचे चार दिवस त्यांनी स्वतःला जेवढ्या शिव्या दिल्या तेवढ्या साहेबांनी सव्वीस वर्षांत दिल्या नव्हत्या.

त्या सिनेमात होतं तरी काय, हे कळणं भाग होतं. ऐकायची तर छाती नव्हती. मग बायकोला टीव्हीपुढे बसवून आवकराव स्वयंपाकघरात दार लावून, कानात बोटं घालून उभे राहिले. वीस मिनिटांनी बायकोनं दार ढकललं.

"अहो, यात ती म्हातारी सारखी बोलतेय. श्वास घ्यायलासुद्धा थांबत नाही. तुम्ही काय लिहून बसलात हे?"

"काय बोलते?"

"स्वतःच या आणि ऐका. मी सांगणार नाही."

ते काही गेले नाहीत. त्यांनी सल्ला घ्यायचं ठरवलं, आणि तोही एका मित्राच्या नावावर. समोरच्या दारात राहणारे निवृत्त स्टेनो आयुष्यभर न्यायाधीशांचं बोलणं उतरवून घेत आले होते. ते म्हणाले, "तुमच्या मित्राला सांगा, लेखी काहीही द्यायचं नाही. बोललेलं फिरवता येतं, लिहिलेलं गळ्यात पडतं." लेखी तर चार हजार प्रतींत छापून झालं होतं. दातांच्या डॉक्टरनं आधी त्यांना खुर्चीत आडवं केलं, तोंडात आरसा घातला आणि मग मत दिलं. "दुखतोय तोवरच दात काढून टाकावा. वाट बघत बसलं की सूज येते. तुमचा मित्र आहे ना, त्याला भरपूर सूज येणार आहे." तोंड उघडं असल्यामुळे आवकरावांना यावर काही बोलता आलं नाही.

मेहुण्याकडे गेले तर तो टाळी वाजवून उभाच राहिला. "भावोजी! समीक्षकाच्या लेखणीनं सिनेमा बदलला! पुढच्या अंकाचा मथळा हाच. आणि रविवारी तुम्ही प्रमुख पाहुणे. मी आयोजकांना सांगून आलोय. सिनेमा सुरू व्हायच्या आधी दोन शब्द बोलायचे."

आवकरावांनी पोटात दुखतंय, रजा नाही, घसा बसलाय, अशी तीन कारणं एका दमात सांगितली. मेहुणा म्हणाला, "विषयच मौन आहे, घसा बसला तर उत्तम."

शुक्रवारी सकाळी अकराच्या सुमाराला तक्रार खिडकीपुढे दहा-बारा माणसांची रांग होती. चौथ्या नंबरला एक म्हाताऱ्या बाई आल्या. ठेंगण्या, हातात कापडी पिशवी, चष्म्याची एक काडी दोऱ्यानं बांधलेली.

"तक्रार लिहून घ्या," त्या म्हणाल्या. "माझा हात थरथरतो, तुम्हीच लिहा."

आवकरावांनी फॉर्म ओढला. "प्रकार सांगा. पाणी येत नाही, कमी दाबानं येतं, गढूळ येतं, का गळती?"

"आवाज गेला."

"नळाचा?"

"माझा."

आवकरावांनी वर पाहिलं नाही. फॉर्मवर पाचवा प्रकार 'इतर' होता. सव्वीस वर्षांत त्यावर कुणी खूण केली नव्हती, कारण 'इतर'ला साहेबांकडे वेगळं टिपण पाठवावं लागतं. त्यांनी खूण केली.

"लिहा," बाई म्हणाल्या. "माझे मालक जाऊन सहा वर्षं झाली. मुलगी कामाला लांब असते. मी घरात एकटी आणि मला बोलायची सवय. लहानपणी आई म्हणायची गप्प बस, सासरी सासू म्हणायची गप्प बसा, मालक म्हणायचे जरा गप्प बसशील का. मग घरात कुणी उरलंच नाही, तेव्हा मी भिंतींशी बोलायला लागले. मागल्या वर्षी मुलगी सुट्टीवर आली, माझ्यापुढे माइक ठेवला आणि म्हणाली, आई, बोल. लिहिलंत?"

"लिहितोय."

"उभ्या जन्मात मला 'बोल' म्हणणारी ती पहिली. बारा दिवस बोलले मी. आणि परवा म्हणते, आई, तुझा आवाज काढून टाकतेय, एका जाणकार माणसानं लिहिलंय की बोलणं आलं तर सगळं संपतं. लिहा, तक्रार त्या माणसाविरुद्ध आहे. नाव घाला."

आवकरावांनी 'विरुद्ध' या रकान्यात स्वतःचं नाव सुवाच्य अक्षरात घातलं. रांगेतून कुणीतरी ओरडलं, "अहो, आमच्याकडे चार दिवस पाणी नाहीये, इथे कादंबरी काय लिहिताय!" आवकरावांनी शिक्का मारला, पोच फाडली, आणि सवयीनं सांगितलं, "तीन कामकाजी दिवसांत निवारण होईल."

"रविवार कामकाजी नसतो ना?"

"नसतो."

बाईंनी पिशवीतून साप्ताहिकाचं कात्रण काढलं, फोटोवर बोट ठेवलं आणि तेच बोट त्यांच्याकडे वळवलं. "यात केस जास्त आहेत. साप्ताहिकात पत्ता विचारूनच आले मी, पहिल्यापासून ओळखलं होतं. स्वतःविरुद्ध लिहून घेताय का ते बघत होते. घेतलंत, बरं वाटलं." मग त्या खिडकीच्या अगदी जवळ आल्या. "तुम्ही शिकलेले आहात म्हणून विचारते. इतका वाईट आहे का हो माझा आवाज?"

मी तो ऐकलेलाच नाही, एवढंच सांगायचं होतं. आवकरावांनी तोंड उघडलंसुद्धा. पण मागे रांग होती, शेजारच्या टेबलावरचा कारकून कान टवकारून बसला होता, आणि समीक्षक हा सहा आठवड्यांचा शब्द एवढ्या लोकांदेखत खिडकीतून फेकून द्यायचा होता.

"तक्रार नोंदवलीय," ते म्हणाले.

बाईंनी पोचपावती घडी करून ठेवली आणि त्या निघून गेल्या. आवकरावांना स्वतःची लाज वाटली, साधी सरळ लाज, आणि ती भीतीपेक्षा वाईट निघाली. दुपारी साहेबांनी आत बोलावलं. "ही तक्रार आपल्या खात्यात बसत नाही. रद्द करा." पण आवक झालेली तक्रार रद्द होत नाही, हे साहेबांनीच काढलेलं परिपत्रक होतं. दुसऱ्या खात्याकडे वर्ग करावी, तर म्हाताऱ्या बाईंचा आवाज कुठल्या खात्याकडे जातो ते दोघांनाही सापडेना. शेवटी साहेब म्हणाले, "तक्रारदाराचं समाधान करून सही आणा." मग फॉर्म पुन्हा वाचला, 'विरुद्ध'चा रकाना पाहिला आणि चष्मा काढून आवकरावांकडे बघत राहिले.

शनिवारी आवकराव जेवले नाहीत. रविवारी पाच वाजता बायकोनं त्यांना सभागृहाच्या पायऱ्यांवरून अक्षरशः ढकलत आत नेलं. पहिल्या रांगेत प्रमुख पाहुण्यांची खुर्ची होती आणि शेजारच्या खुर्चीत दोऱ्यानं बांधलेला चष्मा घालून त्या बाई. आवकरावांना परत फिरायचं होतं, पण मागे बायको होती. मेहुणा फोटो काढत होता. दातांचा डॉक्टर आणि स्टेनो, दोघंही तिसऱ्या रांगेत हजर होते, मित्राचं पुढे काय होतं ते पाहायला.

दिग्दर्शिका माइकपाशी गेली. बारीकशी मुलगी, चार दिवस झोपलेली दिसत नव्हती. सरांच्या समीक्षेमुळे हा सिनेमा आज पहिल्यांदा त्याच्या खऱ्या रूपात दिसणार आहे, असं म्हणून तिनं आईकडे न बघता आवकरावांकडे हात केला. आई मात्र तिच्याकडेच बघत होती.

आवकराव उठले. माइकचा दांडा त्यांनी आधारासाठीच धरला. "मी," ते म्हणाले, "मी हा सिनेमा ऐकलेलाच नाही."

"वा!" मागून कुणीतरी म्हणालं. टाळ्या पडल्या.

"तसं नव्हे. खरंच ऐकलेला नाही."

टाळ्या वाढल्या. एका दाढीवाल्यानं वहीत टिपून घेतलं.

"अहो, टाळ्या काय वाजवताय!" आवकराव ओरडले. आपण ओरडू शकतो हे त्यांनाही नवीन होतं. "मी रिमोटनं आवाज बंद केला होता! दार वाजलं आणि मी घाबरलो. मी नेहमीच घाबरतो. सातही सिनेमे मी असेच पाहिलेत. त्यांच्या प्रतीत काही चुकलेलं नव्हतं. चुकलो मी. आणि या बाईंचा आवाज वाईट आहे असं मी म्हटलेलं नाही, मी तो ऐकलेलाच नाही!"

सभागृहात हसू फुटलं, आणि त्यात दातांच्या डॉक्टरचं हसणं वेगळं ओळखू येत होतं. मेहुण्यानं कॅमेरा खाली घेतला आणि डोक्याला हात लावला. आवकरावांच्या कानशिलांतून वाफा निघत होत्या; सहा आठवड्यांची अब्रू सहा वाक्यांत गेली होती.

दिग्दर्शिकेचा चेहरा पांढरा पडला होता. "पण सर, तुम्ही बुधवारी फोनवर का नाही सांगितलंत?"

"तुम्ही मला सर म्हणालात," आवकराव म्हणाले.

यावर कुणीच हसलं नाही. मुलीनं आईकडे पाहिलं, आणि मग घाईघाईनं प्रोजेक्टरवाल्याकडे गेली. आवाजाची प्रत घरी होती, जायला तास, यायला तास. प्रोजेक्टरवाला म्हणाला, "सातला हॉल रिकामा करून द्यायचाय. लावायचा तर आत्ता, नाहीतर राहू दे." आणि तिच्या उत्तराची वाट न बघता त्यानं दिवे घालवले.

अंधार झाला. आवकराव चाचपडत खुर्चीत बसले. पडद्यावर ते काळं दार आलं, आवाजाशिवाय, आणि त्यांचे हात सवयीनं कानांकडे गेले.

"हे दार असं करकरतं," शेजारून आवाज आला. "पावसाळ्यात फुगतं. सुताराला चारदा सांगितलं, येतो म्हणतो, येत नाही."

सभागृहात कुणीतरी "शू" केलं. बाई थांबल्या नाहीत. त्या मोठ्यानं बोलत होत्या, पडद्याकडे बघत, आपल्याच घरात असल्यासारख्या. जिना आला तेव्हा, कुठली पायरी हलते आणि मालक तिच्यावरून किती वेळा घसरले ते सांगितलं. बादली आली तेव्हा, शेजारीण ती मागून नेते आणि परत करताना तीच उपकार केल्यासारखं तोंड करते. लोक आता हसत होते, पण हसणं वेगळं होतं. भिंतीवरचा डाग आला. "हा डाग आधी बशीएवढा होता. रोज मी त्याला म्हणायची, वाढ बाबा, तुला तरी इथे करमतंय." आवकरावांना ती नऊ मिनिटं आठवत होती, आज ती कधी संपली ते कळलं नाही. हात कानांवरून केव्हा खाली आले, तेही कळलं नाही. मागे पायऱ्यांवर दिग्दर्शिका गुडघ्यांत डोकं घालून बसली होती.

मग ती खिडकी आली. पाठमोरी बाई, बाहेर काहीच नाही. याच जागी आवकरावांनी लिहिलं होतं की या घरात मौनच राहतं.

"संध्याकाळी घर गप्प झालं की मला फार भीती वाटते," बाई म्हणाल्या. आवाज बारीक झाला होता. "कशाची ते सांगता येत नाही. म्हणून मी बोलते. बोलत असलं की वाटतं, कुणीतरी आहे."

आणि त्या थांबल्या. सिनेमात यापुढे काय बोलणं आहे ते आवकरावांना माहीत नव्हतं. सगळं सभागृह अंधारात गप्प बसलं होतं, पडद्यावरची बाई हलत नव्हती, आणि आवकरावांना कळलं की शेजारचा हात खुर्चीच्या दांड्यावर थरथरतोय. या भीतीची त्यांना चांगलीच ओळख होती.

"ऐकू येतंय ना?" बाईंनी हळूच विचारलं. हे सिनेमातलं नव्हतं.

"येतंय," आवकराव म्हणाले. "मावशी, बोला तुम्ही."